वाचकांचे प्रश्न : दोन बिंदूंमधले अंतर

या वेळी निर्देशक भूमितीविषयीची पत्रे इतकी आली की हे सदर संपूर्णपणे त्यांनाच द्यावे असे वाटले. पत्र लिहिणाऱ्यांत दहावीची मुले आहेत, पालक आहेत, एक शेतकरी आहेत आणि एक शिक्षिकाही आहेत. परंतु बहुतेकांचा प्रश्न शेवटी एकाच गोष्टीपाशी येऊन थांबतो, ती म्हणजे प्रतलावरील दोन बिंदूंचे निर्देशक, म्हणजे क्ष आणि य या दोन अक्षांवरून त्यांची जागा सांगणारे आकडे, ठाऊक असताना त्यांच्यातले अंतर कसे काढायचे. पाठ्यपुस्तकातले सूत्र असे आहे: एक बिंदू (क्ष१, य१) आणि दुसरा (क्ष२, य२) असेल, तर अंतर = √[(क्ष२ − क्ष१)² + (य२ − य१)²]. ज्यांना हे सूत्र तोंडपाठ आहे त्यांची पत्रे आणि ज्यांना ते आठवत नाही त्यांची पत्रे मी शेजारी शेजारी ठेवून वाचली. चुका दोघांच्याही सारख्याच होत्या आणि त्यांचे कारणही एकच होते: कागदावर काटकोन त्रिकोण कोणीही काढलेला नव्हता. सूत्र म्हणजे त्या त्रिकोणाचा कर्ण आहे, एवढे एकदा डोळ्यांसमोर आले की पुढील बहुतेक शंका आपोआप सुटतात, असा माझा अनुभव आहे.

प्रश्न : (−३, ४) आणि (५, −२) या बिंदूंमधले अंतर मी √८ काढले, पण पुस्तकात उत्तर १० दिले आहे. माझ्या मैत्रिणीने बिंदूंचा क्रम उलटा घेतला, तरी तिचे उत्तर बरोबर आले. सर, कोणता बिंदू पहिला धरायचा याचा काही नियम आहे का?
— दहावीची विद्यार्थिनी, सांगोला

उत्तर : तू ५ मधून ३ आणि ४ मधून २ वजा केलेस, दोन्ही वेळा फरक २ आला, म्हणून वर्गांची बेरीज ८ झाली. वजाचे चिन्ह येथे हरवले. आता सूत्र क्षणभर बाजूला ठेव आणि आलेख कागदावर दोन्ही बिंदू मांड. (−३, ४) या बिंदूपासून उजवीकडे आडवी रेघ ओढत (५, ४) पर्यंत जा. य-अक्षापर्यंत पोहोचायला ३ घरे लागतात आणि अक्ष ओलांडल्यावर आणखी ५, म्हणजे एकूण ८. तेथून सरळ खाली (५, −२) पर्यंत उतर: क्ष-अक्षापर्यंत ४ घरे आणि अक्षाखाली २, एकूण ६. ज्या (५, ४) या बिंदूपाशी तू वळलीस तेथे काटकोन आहे, त्याच्या दोन बाजू ८ आणि ६ आहेत, आणि आपल्याला हवे असलेले अंतर हा त्या त्रिकोणाचा कर्ण आहे. ६४ आणि ३६ मिळून १००, म्हणून कर्ण १०. सूत्रातील ५ − (−३) या वजाबाकीतून येणारे ८ म्हणजेच हा अक्ष ओलांडणारा प्रवास होय. दोन बिंदू अक्षाच्या दोन बाजूंना असतील तर त्यांच्या अक्षापासूनच्या अंतरांची बेरीज होते, आणि एकाच बाजूला असतील तर वजाबाकी होते. चिन्हांचा नियम याहून वेगळे काही सांगत नाही.

क्रमाबद्दल कोणताही नियम नाही. मैत्रीण दुसऱ्या टोकाकडून निघाली, तेव्हा तिचे फरक −८ आणि ६ आले असतील. −८ चा वर्गही ६४च असतो. सांगोल्याहून पंढरपूर जितके दूर आहे, तितकेच पंढरपूरहून सांगोला दूर आहे. काळजी एवढीच घ्यायची की क्ष निर्देशकांतून क्ष निर्देशक आणि य निर्देशकांतून य निर्देशकच वजा व्हावा. घाईत असताना एकाच बिंदूचे दोन निर्देशक एकमेकांतून वजा करणारी मुलेही मी पाहिली आहेत.

आणखी एक सवय लावून घे. कर्ण त्रिकोणाच्या मोठ्या बाजूपेक्षा लहान असू शकत नाही आणि दोन्ही बाजूंच्या बेरजेपेक्षा मोठाही असू शकत नाही. तुझ्या उदाहरणात उत्तर ८ आणि १४ यांच्या दरम्यानच असायला हवे. √८ तर ३ पेक्षाही कमी आहे, म्हणजे पुस्तकाची शेवटची पाने न उघडताही ते उत्तर चुकले आहे हे तुला कळू शकले असते.

प्रश्न : √(८² + ६²) मध्ये वर्गमूळ आणि वर्ग एकमेकांना उडवून लावतात, मग उत्तर ८ + ६ = १४ का येत नाही? मुलाला हे पटवून देता येत नाही.
— एक पालक, नाशिक

उत्तर : वर्गमूळ उडवते ते एका संख्येच्या वर्गाला, दोन वर्गांच्या बेरजेला ते उडवू शकत नाही. (८ + ६)² मध्ये ८² आणि ६² यांच्याबरोबर २ × ८ × ६, म्हणजे ९६ हे पदही असते, आणि आपल्या बेरजेत ते नाही. मुलाला हे बीजगणितातून पटत नसेल तर त्याला सांगा की १४ हेही एक खरेखुरे अंतर आहे, फक्त ते वळणाने जाणाऱ्याचे अंतर आहे. चंडीगड शहराची आखणी चौकटीची असून तेथील एक नेहमीचा सेक्टर सुमारे ८०० मीटर रुंद आणि १२०० मीटर लांब आहे. सेक्टरच्या एका कोपऱ्यावरून समोरच्या कोपऱ्यावर मुख्य रस्त्याने जायचे तर ८०० + १२०० = २००० मीटर चालावे लागते; पक्ष्याला मात्र √(८००² + १२००²), म्हणजे सुमारे १४४२ मीटरच उडावे लागते. फरकांची नुसती बेरीज करून मोजलेल्या अंतरालाही गणितात स्थान आहे आणि त्याला टॅक्सी-अंतर असे नाव आहे. पाठ्यपुस्तकात विचारलेले अंतर मात्र पक्ष्याचे असते. दोन्ही अंतरे सारखी केव्हा येतात, हे मुलाला स्वतः शोधू द्या. दोन फरकांपैकी एक शून्य असला तरच तसे होते, आणि हे त्याचे त्याला सापडले तर तो ते विसरणार नाही.

प्रश्न : आमच्या शेताच्या जुन्या टिपणाच्या, म्हणजे जमीन मोजणीच्या कच्च्या आराखड्याच्या, नकलेत मधून एक सरळ रेघ आहे. तिच्यावर साखळ्या आणि आणे लिहिलेले आहेत आणि रेघेच्या दोन्ही बाजूंना कोपऱ्यांपर्यंतचे लंब दाखवले आहेत. एक कोपरा रेघेवर २ साखळ्यांच्या खुणेपासून डावीकडे ३ साखळ्या आहे, दुसरा १० साखळ्यांच्या खुणेपासून उजवीकडे ३ साखळ्या, आणि तिसरा १४ साखळ्या ८ आण्यांच्या खुणेपासून उजवीकडे ५ साखळ्या. कोपऱ्या-कोपऱ्यांमधल्या बांधाची लांबी कोठेच लिहिलेली नाही. माझा मुलगा म्हणतो की पहिल्या दोन कोपऱ्यांचे लंब सारखेच आहेत, तेव्हा बांध ८ साखळ्यांचा असला पाहिजे. हे बरोबर आहे का?
— एक शेतकरी, पुरंदर तालुका

उत्तर : आपले पत्र वाचून मला फार आनंद झाला, कारण शाळेत ज्याला निर्देशक म्हणतात ते आपल्या टिपणात शब्दशः उतरलेले आहेत. मधली रेघ हा क्ष-अक्ष, रेघ जेथून सुरू होते तो आरंभबिंदू, रेघेवरची खूण हा क्ष निर्देशक आणि लंब हा य निर्देशक. जमीन मोजणाऱ्याने शेताच्या वाकड्यातिकड्या कडेला थेट साखळी न लावता आधी एक सरळ रेघ का आखली, याचे उत्तर यातच आहे: रेघेवरचे अंतर आणि तिच्यावरचा लंब एवढ्या दोनच मापांनी कोणताही कोपरा कागदावर पक्का होतो, आणि मग कोणत्याही दोन कोपऱ्यांमधले अंतर पुन्हा शेतात न जाता काढता येते.

चिरंजीवांचा हिशेब मात्र चुकला आहे, आणि चूक सांगोल्याच्या विद्यार्थिनीचीच आहे. एक लंब डावीकडे आहे आणि दुसरा उजवीकडे, म्हणून डावी बाजू अधिक धरली तर उजवी वजा धरावी लागेल. पहिला कोपरा (२, ३) आणि दुसरा (१०, −३) असा मांडला की रेघेच्या दिशेने फरक ८ साखळ्या आणि आडवा फरक ६ साखळ्या येतो. बांध रेघ ओलांडून तिरपा जातो आणि त्याची लांबी १० साखळ्या भरते. दोन्ही कोपरे रेघेच्या एकाच बाजूला असते, तर मात्र ८ साखळ्या हे उत्तर बरोबर ठरले असते.

दुसऱ्या आणि तिसऱ्या कोपऱ्यांमधल्या बांधासाठी आण्यांकडे लक्ष द्यावे लागेल. मुंबई इलाख्याच्या मोजणीतली साखळी ३३ फुटांची होती आणि तिचे १६ आणे होत, म्हणजे एक आणा २ फूट पाऊण इंचाचा. त्यामुळे १४ साखळ्या ८ आणे म्हणजे १४.५ साखळ्या होतात. दशांश चिन्हानंतर आठ मांडून १४.८ लिहिणे चूक आहे, आणि कॅल्क्युलेटर हाती असला की हीच चूक सर्वांत सहज होते. फरक ४.५ आणि २ आले, वर्ग २०.२५ आणि ४, बेरीज २४.२५, आणि तिचे वर्गमूळ सुमारे ४.९२ साखळ्या, म्हणजे जवळजवळ १६२.५ फूट. १४.८ धरले असते तर बांध ५.२ साखळ्यांचा, म्हणजे १७१.६ फुटांचा निघाला असता. नऊ फुटांची ही चूक लहान नाही. गावाकडे याहून कमी जागेवरून भावाभावांत अबोला धरलेला मी पाहिला आहे.

३३ फुटांच्या साखळीची आणखी एक सोय येथे सांगावीशी वाटते. एक साखळी लांब आणि एक साखळी रुंद चौरस म्हणजे १०८९ चौरस फूट, आणि तोच एक गुंठा. असे ४० गुंठे मिळून एक एकर. त्यामुळे टिपणातल्या आकड्यांवरून साखळ्यांत काढलेले क्षेत्रफळ थेट गुंठ्यांतच मिळते.

दोन सूचना मात्र लक्षात असू द्याव्यात. हे सूत्र सपाट प्रतलावरचे आहे, म्हणून येणारे अंतर नकाशावरचे, आडव्या पातळीतले असते. जमीन उताराची असेल आणि आपण उतारावरून टेप धरून बांध मोजलात, तर माप हिशेबापेक्षा थोडे जास्तच भरेल. त्यावरून टिपण चुकीचे ठरत नाही. दुसरे असे की घरी केलेला हा हिशेब स्वतःच्या समजुतीसाठी आहे. हद्दीचा वाद असेल तर भूमी अभिलेख कार्यालयाकडे मोजणीसाठी रीतसर अर्ज करणे हाच मार्ग आहे, आणि तेथे जाण्यापूर्वी हा हिशेब हाताशी असला तर मोजणीच्या वेळी काय चालले आहे ते आपल्याला नीट समजेल.

प्रश्न : मुंबईचे छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनस अक्षांश १८.९४, रेखांश ७२.८४ वर आणि पुणे स्थानक अक्षांश १८.५३, रेखांश ७३.८७ वर आहे. हे आकडे अंतराच्या सूत्रात घातले तर १.११ येतात. एक अंश म्हणजे १११ किलोमीटर असे वाचले होते, त्यावरून १२३ किलोमीटर होतात. मोबाइलवरचा नकाशा मात्र सरळ रेषेतले अंतर ११८ किलोमीटरच्या आसपास दाखवतो. पाच किलोमीटर कोठे गेले?
— अभियांत्रिकीचा विद्यार्थी, पुणे

उत्तर : तुमच्या त्रिकोणाच्या दोन बाजू वेगवेगळ्या मापाने मोजलेल्या आहेत, आणि ते पाच किलोमीटर तेथे गेले आहेत. अक्षांशाचा एक अंश आपल्या भागात सुमारे ११०.७ किलोमीटरांचा असतो आणि पृथ्वीवर कोठेही गेले तरी तो फारसा बदलत नाही. रेखांशाच्या रेषा मात्र ध्रुवांकडे जाताना एकमेकींच्या जवळ येत जातात; विषुववृत्तावर एका अंशाचे १११.३ किलोमीटर होतात आणि ध्रुवावर शून्य. मधल्या ठिकाणी १११.३ ला त्या अक्षांशाच्या कोसाइनने गुणावे लागते. मुंबई आणि पुणे यांच्या मधला अक्षांश सुमारे १८.७ अंश धरला, तर कोसाइन ०.९४७ येतो आणि रेखांशाचा अंश सुमारे १०५.४ किलोमीटरांचा ठरतो.

आता त्रिकोण पुन्हा मांडा. उत्तर-दक्षिण फरक ०.४१ अंश, म्हणजे ४५.४ किलोमीटर, पूर्व-पश्चिम फरक १.०३ अंश, म्हणजे १०८.६ किलोमीटर. त्यांच्या वर्गांच्या बेरजेचे वर्गमूळ सुमारे ११७.७ येते, आणि नकाशाशी ते जुळते. शेतकरी वाचकांच्या पत्रातील आणे आणि दशांश यांचा घोळ आणि तुमचा हा अंशांचा घोळ एकाच जातीचे आहेत. सूत्राला दोन्ही अक्षांवर एकच माप लागते, आणि ते तसे आहे की नाही हे सूत्र स्वतः तपासत नाही.

शंभर-दीडशे किलोमीटरांपर्यंत पृथ्वी सपाट मानून केलेला असा हिशेब चालतो. मुंबई आणि लंडन यांच्यातले अंतर मात्र या रीतीने काढू नका. तेथे पृथ्वीची वक्रता लक्षात घेऊन गोलावरची त्रिकोणमिती वापरावी लागते. जाता जाता एवढेच सांगतो की लोहमार्गाने हे अंतर १९२ किलोमीटर आहे, कारण गाडी आधी ईशान्येला कल्याणकडे जाते, मग कर्जतकडे वळते आणि पुढे बोरघाट चढते.

प्रश्न : तीन बिंदू एकरेषीय आहेत का, हे मुले अंतराच्या सूत्राने तपासतात. दोन लहान अंतरांची बेरीज मोठ्या अंतराइतकी आली की ते बिंदू एका रेषेत असतात. परंतु काही मुले वर्गमुळे दशांशात, दोन स्थळांपर्यंत काढून बेरीज जुळल्याचे दाखवतात. उत्तर बरोबर असेल तर त्यांना पूर्ण गुण द्यावेत का?
— गणित शिक्षिका, अकोला

उत्तर : माझ्या मते देऊ नयेत, आणि ते का, हे मुलांना कात्री देऊन दाखवण्यासारखे आहे. ८ सेंटिमीटर बाजूचा एक चौरस पुठ्ठा घ्या. त्याचे ३ × ८ आणि ५ × ८ असे दोन आयत करा. लहान आयत कर्णावर कापला की दोन काटकोन त्रिकोण मिळतील. मोठा आयत तिरपा असा कापा की ज्यांच्या समांतर बाजू ३ आणि ५ आहेत आणि उंची ५ आहे असे दोन समलंब चौकोन मिळतील. आता हे चारही तुकडे वेगळ्या रीतीने जुळवले की ५ × १३ चा आयत तयार होतो. चौरसाचे क्षेत्रफळ ६४ होते आणि आयताचे ६५ दिसते. हे कोडे जुने आहे आणि पुष्कळ मुलांना ते ठाऊक असते, पण एक चौरस सेंटिमीटर आला कोठून, हे निर्देशक मांडल्याखेरीज नेमके सांगता येत नाही.

आयताचा एक कोपरा (०, ०) वर ठेवा. मग समोरचा कोपरा (१३, ५) येतो. कर्णावर दिसणारा जोड, जेथे त्रिकोण संपतो आणि समलंब चौकोन सुरू होतो, तो (८, ३) वर असतो. हे तीन बिंदू एका रेषेत आहेत का? पहिल्या दोन बिंदूंतले अंतर √७३, पुढच्या दोन बिंदूंतले √२९, आणि टोकाच्या बिंदूंतले √१९४. दोन दशांश स्थळांपर्यंत ८.५४ आणि ५.३९ मिळून १३.९३ होतात, आणि √१९४ हेही १३.९३च येते. आपल्या विद्यार्थ्याने येथे बिंदू एकरेषीय असल्याचा निर्वाळा दिला असता, आणि तो चुकीचा ठरला असता.

अचूक तपासणी वर्ग करून होते. √७३ + √२९ चा वर्ग म्हणजे ७३ + २९ + २√(७३ × २९), अर्थात १०२ + २√२११७. तो १९४ इतका असायचा तर √२११७ बरोबर ४६ यायला हवे. पण ४६ चा वर्ग २११६ आहे. फरक फक्त एकाचा आहे, म्हणूनच दोन दशांश स्थळांना तो दिसला नाही. बिंदू (८, ३) कर्णाच्या किंचित खाली आहे, दुसऱ्या बाजूचा जोड (५, २) किंचित वर आहे, आणि या दोन जोडांमुळे कर्णाच्या बाजूने एक अतिशय चिंचोळी फट उरते. त्या फटीच्या समांतरभुज चौकोनाचे क्षेत्रफळ बरोबर १ चौरस सेंटिमीटर भरते. पुठ्ठ्याचे तुकडे कापताना कात्रीची चूक याहून जास्त होते, म्हणून ती फट डोळ्याला जाणवत नाही.

वर्गमुळे करणीरूपात, म्हणजे दशांश न काढता √७३ अशीच, ठेवण्याची शिस्त आपण मुलांना लावतो ती याच कारणासाठी, आणि ते कारण वर्गात सांगितले जात नाही याची मला खंत वाटते. (१, १), (२, २), (४, ४) अशा सोप्या उदाहरणात अंतरे √२, २√२ आणि ३√२ येतात आणि बेरीज डोळ्यांदेखत जुळते. तेथे दशांशाची गरजच नसते. केवळ एकरेषीयता तपासायची असेल आणि रीत निवडण्याची मोकळीक असेल, तर चढ, म्हणजे उभ्या फरकाला आडव्या फरकाने भागून येणारी संख्या, काढणे जास्त सोपे आहे: ३/८ आणि २/५ सारखे नाहीत, एवढ्यावर काम संपते.

प्रश्न : अंतराचे सूत्र देकार्त यांनी शोधले, असे समजावे का?
— निवृत्त शिक्षक, डोंबिवली

उत्तर : तसे म्हणणे अचूक ठरणार नाही. वक्रांचा अभ्यास समीकरणांनी करण्याची वाट फ्रेंच तत्त्वज्ञ आणि गणितज्ञ रने देकार्त यांनी १६३७ साली प्रसिद्ध केलेल्या लेखनातून मोकळी केली, आणि त्याच सुमारास पिएर द फेर्मा यांचे हस्तलिखितही विद्वानांमध्ये फिरत होते; ते छापले गेले मात्र त्यांच्या मृत्यूनंतर, १६७९ साली. आज आपण आखतो तसे एकमेकांना लंब असलेले दोन अक्ष देकार्त नियमाने वापरत नसत, आणि अंतराचे सूत्र त्यांच्या लेखनात नाही. १७३१ साली अलेक्सी क्लेरो या फ्रेंच गणितज्ञाने अवघ्या अठराव्या वर्षी प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात दोन आणि तीन मितींसाठी ही सूत्रे आढळतात. सूत्राच्या पोटातले प्रमेय मात्र फार जुने आहे. आयताच्या कर्णावर ताणलेली दोरी जेवढे क्षेत्र निर्माण करते, तेवढेच त्याच्या दोन बाजू वेगवेगळ्या मिळून निर्माण करतात, असे यज्ञवेदींच्या मापांविषयीच्या बौधायन शुल्बसूत्र या प्राचीन ग्रंथात स्पष्ट सांगितले आहे (येथे क्षेत्र म्हणजे त्या लांबीवर काढलेला चौरस), आणि ३-४, १२-५, १५-८, ७-२४ अशा बाजूंच्या जोड्याही तेथे दिल्या आहेत.

प्रश्न : क्ष-अक्षावरचा असा बिंदू काढायचा होता, जो (२, −५) आणि (−२, ९) यांपासून समान अंतरावर आहे. उत्तर (−७, ०) आले. पण हा बिंदू तर दोन्ही बिंदूंच्या डावीकडे, लांबवर आहे. सारख्या अंतरावरचा बिंदू मध्ये असायला नको का? आणि अशा गणितांत वर्गमूळ काढावेच लागत नाही, हे कसे?
— नववीतून दहावीत गेलेला विद्यार्थी, जळगाव

उत्तर : तुझ्याच जिल्ह्यात चाळीसगावजवळ पाटण येथे एक शिलालेख आहे. भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अभ्यासासाठी त्यांचे नातू चांगदेव यांनी तेथे मठ स्थापल्याची नोंद त्यात आहे. त्याच भास्कराचार्यांच्या लीलावती या ११५० सालच्या ग्रंथात तुझ्या प्रश्नाचा सख्खा भाऊ शोभेल असे गणित आहे. नऊ हात उंच खांबावर मोर बसला आहे आणि खांबाच्या तळाशी सापाचे बीळ आहे. खांबापासून त्याच्या उंचीच्या तिप्पट, म्हणजे २७ हातांवर असलेला साप बिळाकडे येताना मोराला दिसतो आणि मोर तिरपा त्याच्यावर झेप घेतो. दोघेही सारखेच अंतर कापतात, तर बिळापासून किती हातांवर त्यांची गाठ पडेल?

बीळ हा आरंभबिंदू धर. मोर (०, ९) वर आहे, साप (२७, ०) वर आणि भेटीची जागा (क्ष, ०) वर. मोराच्या अंतराचा वर्ग क्ष² + ८१ आणि सापाच्या अंतराचा वर्ग (२७ − क्ष)². अंतरे सारखी, म्हणून त्यांचे वर्गही सारखे, आणि वर्गांचीच बरोबरी केली की वर्गमुळाची गरज उरत नाही. दोन्हीकडचा क्ष² निघून जातो, ५४क्ष = ६४८ उरते, आणि क्ष = १२. साप १५ हात आला, आणि मोराचाही कर्ण ९ आणि १२ वरून १५च भरतो.

आता तुझी पहिली शंका. दोन बिंदूंपासून सारख्या अंतरावर असलेले बिंदू एक नव्हे, अगणित असतात, आणि ते सगळे त्या दोन बिंदूंना जोडणाऱ्या रेषाखंडाच्या लंबदुभाजकावर, म्हणजे त्याला मध्यावर काटकोनात छेदणाऱ्या रेषेवर, असतात. मध्ये असलेला बिंदू त्यांपैकी फक्त एक, म्हणजे मध्यबिंदू, आणि तुझ्या गणितात तो (०, २) आहे. तो क्ष-अक्षावर नाही. लंबदुभाजक तेथून डावीकडे हळूहळू उतरत जातो, दर ७ घरांना २ घरे, आणि क्ष-अक्षाला −७ वर जाऊन मिळतो. प्रश्नात अक्षावरचा बिंदू मागितला होता, म्हणून तुला एवढ्या लांब जावे लागले. कागदावर दोन्ही त्रिकोण काढून पाहा: (−७, ०) पासून (२, −५) पर्यंत आडवे ९ आणि खाली ५, (−७, ०) पासून (−२, ९) पर्यंत आडवे ५ आणि वर ९. दोन्ही त्रिकोणांच्या बाजू त्याच आहेत, फक्त त्यांनी जागा बदलल्या आहेत, आणि दोन्हींचा कर्ण √१०६ आहे.